चावी संपेपर्यंतचा समुद्र

निर्जन किनारा, राखाडी आभाळ आणि पाठमोरी बाई एवढं पडद्यावर दिसलं की सराईत प्रेक्षक खुर्चीत सैल होऊन बसतो. पुढची चार मिनिटं आपल्याला कोणी उठवणार नाही, याची त्याला खात्री असते. बाई समुद्राकडे बघते. समुद्र बाईकडे बघतो. आपण आळीपाळीने दोघांकडे बघतो. मग बाई दोन पावलं चालते आणि काहीतरी आठवून थांबते. काय आठवलं, ते तिलाही कोणी सांगितलेलं नसतं. पाचव्या मिनिटाला वाळूत एक शंख दिसतो. पुढे त्या शंखाचं काय झालं, असं विचारायचं नसतं. शंख दिसला, त्याचं काम झालं, तो मानधन घेऊन घरी गेला.

या प्रकाराला वातावरणप्रधान प्रायोगिक लघुपट म्हणतात. म्हणजे वातावरण प्रधान आणि बाकीचं मंत्रिमंडळ बरखास्त. कथा नाही, संवाद नाही, खलनायक नाही. नायिका आहे, पण तिचं नाक सरळ आहे की चपटं, हे श्रेयनामावली संपली तरी कळत नाही. मला या लघुपटांचं व्यसन आहे, हे आधीच सांगून टाकतो. फिल्म सोसायटीची वर्गणी मी वर्षानुवर्षं भरत आलो आहे. ती पाण्यात गेली असं घरच्यांचं मत आहे, आणि पडद्यावर पाणीच जास्त असल्यामुळे मला ते खोडून काढता येत नाही.

पण समुद्रच का? डोंगर का नाही, एसटी स्टँड का नाही? माझं उत्तर सोपं आहे. समुद्र फुकटात काम करतो. त्याच्या तारखा मिळत नाहीत असं होत नाही. तो मेकअपला बसत नाही, कॅमेऱ्याकडे बघून हसत नाही, आणि एकच संवाद असल्यामुळे तो विसरतही नाही. एसटी स्टँडवर कॅमेरा लावा, पाच मिनिटांत चाळीस माणसं मागे उभी राहून घरच्यांना हात हलवतील. डोंगरावर सामान चढवायला माणसं लागतात आणि त्यांना जेवण लागतं. समुद्र मात्र स्वतःच पायाशी येतो, परत जातो, पुन्हा येतो. इतका विनम्र नट आपल्याकडे दुसरा नाही.

शिवाय समुद्रासमोर ठेवलेली कुठलीही वस्तू आपोआप गहन होते. घरातली खुर्ची घ्या. घरात तिच्यावर वाळलेले कपडे पडलेले असतात आणि घडी कोणी करायची यावरून शब्दाला शब्द वाढत असतो. तीच खुर्ची पुळणीवर नेऊन ठेवा. ती वाट बघू लागते. छत्री नेलीत तर विरह होतो. सुटकेस नेलीत तर स्थलांतर. जुना रेडिओ नेलात तर थेट विसावं शतक. मी एकदा पाऊण मिनिट एका प्रेशर कुकरकडे बघत बसलो होतो. मागे लाटा फुटत होत्या, आणि मला खरोखरच भरून आलं. आमच्या ओट्यावरच्या कुकरने आजवर तसं काही केलेलं नाही.

या लघुपटांची ओळख महोत्सवाच्या पुस्तिकेत छापलेली असते आणि ती लघुपटाआधी वाचली तर सगळं उलगडेल, अशी भाबड्या माणसाची समजूत असते. ‘काळ, स्मृती आणि क्षार यांच्यातला एक अपूर्ण संवाद’ एवढं वाचून आपण आत जातो. क्षार दिसतात. बाकीचे दोघे आले होते का, ते सांगता येत नाही.

सभागृहात खरी मजा आवाजाची असते. पडद्यावर शांतता पसरली की पार्श्वसंगीताची जबाबदारी प्रेक्षक उचलतात. पंखा कुरकुरतो. मागच्या रांगेत कोणीतरी वेफर्सचं पाकीट फोडायला घेतं. हळू फोडलं तर आवाज कमी होईल, असा त्या सज्जनाचा हिशेब असतो. त्यामुळे तीन सेकंदांत उरकणारा चुरचुराट दीड मिनिट पुरतो. दिव्यांचा उजेड झाला की चर्चा. चर्चेत पहिला हात नेहमी त्या गृहस्थांचा वर होतो, ज्यांना प्रश्न नसतो. त्यांच्याकडे प्रतिक्रिया असते आणि ती लघुपटापेक्षा लांब असते. तिच्यात ‘अवकाश’ हा शब्द इतक्या वेळा येतो की इस्रोने दखल घ्यावी. दिग्दर्शक तरुण असतो, दाढी राखून असतो, आणि प्रत्येक अर्थाला ‘हो, तेही आहे’ म्हणतो. कोणी म्हणतं, तो शंख म्हणजे आई. हो, तेही आहे. कोणी म्हणतं, तो शंख म्हणजे जागतिकीकरण. तेही आहे. पुस्तिका आणि चर्चा दोन्ही वजा केली तर हातात काय उरतं, हा हिशेब मात्र कोणी मांडत नाही.

तो मांडायचा तर या सगळ्या पाठमोऱ्या बायकांच्या मूळ आजीकडे जायला हवं. ती अजिबात पाठमोरी नव्हती.

माया डेरेन तिचं नाव. जन्म १९१७ सालचा, कीव्हचा. आईबाप तिला लहानपणीच घेऊन अमेरिकेला गेले. मूळचं नाव एलिओनोरा. ‘माया’ हे नाव तिने पंचविशी ओलांडल्यावर, सिनेमाच्या नादी लागताना घेतलं. वडील वारल्यावर हाती आलेल्या पैशांतून तिने सोळा मिलिमीटरचा जुना बोलेक्स कॅमेरा विकत घेतला. आपल्याकडे अशा पैशांची मुदत ठेव होते. १९४३ साली तिने नवरा अलेक्झांडर हॅमिड याच्याबरोबर ‘मेशेस ऑफ द आफ्टरनून’ केला, आणि पुढच्याच वर्षी न्यूयॉर्कजवळच्या लाँग आयलंडवर, अ‍ॅमागॅन्सेटच्या किनाऱ्याला जाऊन ‘अ‍ॅट लँड’. पंधरा मिनिटं, काळापांढरा, आणि मुळातच आवाज नसलेला. कॅमेऱ्यामागे हेला हेमन ही दुसरी बाई. तिकडे महायुद्ध चालू होतं आणि इकडे दोघी वाळूत बुद्धिबळातलं प्यादं शोधत होत्या.

आमच्या मावशीला मी हा लघुपट घरच्या टीव्हीवर दाखवला. मावशी देवगडकडची. तिच्या माहेरी रापण होती. फिल्म सोसायटीतल्या कुणाही सभासदापेक्षा तिने समुद्र जास्त बघितला आहे, आणि तोही काम करताना. मोदकाचं सारण हलवता हलवता ती बघायला बसली. पहिल्या मिनिटात लाटा किनाऱ्याला आल्या, वाळूवर एक बाई निपचित पडलेली दिसली, आणि मावशीच्या हातातला चमचा थांबला.

‘‘ह्यो दर्यो उलटो कित्याक जाता रे?’’

मी हा लघुपट फिल्म सोसायटीत बघितला तेव्हा चर्चेत मायेबद्दल बोलणं झालं, फ्रॉइडबद्दल झालं, स्त्रीच्या आत्मशोधाबद्दल तर दोन माणसं एकमेकांवर घसरली. लाटा उलट्या जातात, असं कोणी म्हणाल्याचं मला आठवत नाही. डेरेनने तिथे फिल्म खरोखरच उलटी फिरवली आहे. फुटलेली लाट स्वतःला गोळा करून परत खोल पाण्यात निघून जाते आणि बाईला जमिनीवर टाकून जाते. सगळ्या लघुपटाचं मर्म म्हणावं ते तिथेच आहे: ही बाई समुद्राची आहे आणि समुद्रानेच तिला परत घ्यायला नकार दिला आहे. मावशीने हे काही म्हटलं नाही. तिचं म्हणणं एवढंच होतं, की दर्या असा वागत नाही, म्हणजे कोणीतरी लबाडी केली आहे. समीक्षेची पहिली पायरी हीच असावी.

मग ती बाई ओल्या अंगाने उठते आणि किनाऱ्यावर पडलेल्या वाळक्या झाडाच्या खोडावर चढू लागते. चढता चढता वर डोकं काढते, तर समोर मेजवानीचं लांबलचक टेबल! दोन्ही बाजूंना सुटाबुटातली माणसं सिगरेटी ओढत, हसत, गप्पा मारत बसलेली. ही टेबलावर चढते आणि पोटावर सरपटत ताटल्या-पेल्यांमधून पुढे जाते. मध्येच तेच सरपटणं झाडोऱ्यातून चाललेलं दिसतं. टेबलावरचा एकही माणूस तिच्याकडे बघत नाही. मावशीला हे अजिबात चमत्कारिक वाटलं नाही. ‘‘मुंबईच्या लग्नांत असंच असतं,’’ ती म्हणाली. ‘‘जेवणाऱ्याला दुसरं काही दिसत नाही.’’ तिचा आक्षेप वेगळाच होता. बाई इतकी भिजलेली आहे, तर तिला कोणी पंचा का देत नाही?

टेबलाच्या टोकाला एकजण बुद्धिबळ मांडून बसलेला असतो. तो उठून जातो आणि सोंगट्या आपोआप चालू लागतात. एक प्यादं पटावरून खाली पडतं, भोकातून जातं, ते थेट खडकांतल्या पाण्यात वाहू लागतं. बाई त्याच्या मागे. पुढे ती एका पुरुषाबरोबर रस्त्याने बोलत चालते. दर वेळी कॅमेरा त्याच्याकडे वळतो तेव्हा तो पुरुष बदललेला असतो. मावशीने यावर एका चुलतबहिणीचं नाव घेतलं, ते इथे देत नाही.

त्या बदलत्या पुरुषांत एक आहे जॉन केज. पुढे १९५२ साली ज्याने साडेचार मिनिटं वादकाने एकही सूर वाजवायचा नाही अशी रचना करून संगीताच्या जगात खळबळ उडवली, तोच हा संगीतकार. आवाज नसलेल्या लघुपटात संगीतकाराला घ्यायचं आणि त्याला नुसतं चालायला लावायचं, यापेक्षा अचूक पात्रनिवड मी बघितलेली नाही.

शेवटाकडे बाई वाळूतले दगड गोळा करते. हातात मावत नाहीत, पडतात, तरी गोळा करते. मग दोन बायका समुद्राकाठी बुद्धिबळ खेळताना दिसतात. ही जवळ जाते, त्यांच्या केसांवरून हात फिरवते, त्या सुखावून हसू लागतात, आणि ही संधी साधून पांढरा वजीर पळवते! पळत सुटते ती मघाचे सगळे मुक्काम पार करत, आणि प्रत्येक मुक्कामावर तिचीच मघाची आवृत्ती उभी राहून तिला पळताना बघते. दगड गोळा करणारी बघते, टेबलावरची बघते. मावशी सारण विसरून पुढे सरकली होती. ‘‘पळ, पळ!’’ ती म्हणाली. फिल्म सोसायटीत प्रायोगिक लघुपटाच्या नायिकेला अशी दाद मिळालेली मी ऐकलेली नाही. तिथे असं काही ओरडलं तर वर्गणी परत करतील.

आता मुद्द्याची गोष्ट. या पंधरा मिनिटांत बाई समुद्राकडे टक लावून उभी राहते असा वेळ जवळजवळ नाहीच. तिला फुरसतच नाही. ती चढते, सरपटते, शोधते, चोरते, पळते. मग या आजीच्या पुढच्या पिढ्यांनी टक लावून बघण्याची सवय नेमकी कुठून उचलली?

माझा संशय कॅमेऱ्यावर आहे. बोलेक्सला वीज लागत नसे. त्याला चावी असे. पूर्ण चावी दिली की सेकंदाला चोवीस चित्रांच्या गतीने तो साधारण अठ्ठावीस सेकंद चाले आणि थांबे. तुमची तंद्री कितीही खोल असो, अठ्ठावीस सेकंदांनी कॅमेरा म्हणायचा, बाई, पुरे. शंभर फुटांचं रीळ पावणेतीन मिनिटांत संपे आणि त्याचे पैसे मोजावे लागत. त्यामुळे चावी द्यायच्या आधी डेरेनला ठरवावं लागे, की या अर्ध्या मिनिटात मला नेमकं काय हवं आहे. एक हालचाल किनाऱ्यावर सुरू करायची आणि ती टेबलावर संपवायची, हे तिचं प्रसिद्ध तंत्र त्या तुटपुंजेपणात तगलं. एका जागी रेंगाळायची सोय नव्हती, म्हणून तिने जागाच बदलल्या.

आजच्या कॅमेऱ्याला चावी नाही. त्यात नखाएवढं कार्ड असतं आणि त्यात सबंध अरबी समुद्र मावतो. कॅमेरा थांबत नाही, म्हणून दिग्दर्शक थांबत नाही, म्हणून बाई समुद्राकडे बघत उभी राहते. तिची इच्छा नसते, पण ‘कट’ म्हणायला कोणी नाही. पूर्वी चावी संपली की कंटाळाही संपायचा. आता कंटाळ्याला बॅटरीचा बॅकअप आहे.

हे मी ऐकीव सांगत नाही. माझ्या भाच्याने वेंगुर्ल्याच्या अलीकडे एका पुळणीवर असाच एक लघुपट केला आणि ‘मामा, तुला आवड आहे’ म्हणून मला सामान उचलायला नेलं. विषय एकटेपणा. युनिट अकरा जणांचं. निर्जन किनाऱ्यावर अकरा माणसं उतरली की पहिला बळी निर्जनतेचा जातो. पडद्यावर एकाकी दिसणाऱ्या किनाऱ्याचा सगळ्यात मोठा शत्रू म्हणजे चित्रीकरण करणाऱ्यांची पावलं. एक टेक झाला की वाळूवर पंढरीची वारी गेलेली असते. पुन्हा करायचं तर पुढची कोरी वाळू शोधायची. असं करत करत एकटेपणा सकाळपासून दुपारपर्यंत अर्धा किलोमीटर दक्षिणेला सरकला. माइकवर केसाळ टोपडं चढवलेलं होतं, तरी त्यात वारा शिरत होताच. लेन्सवर दर दहा मिनिटांनी खारं पाणी बसे आणि ते पुसायचं काम माझ्याकडे होतं.

कोकणातला किनारा तर तसाही निर्जन नसतो. तो फक्त शहरातून आलेल्या माणसाला निर्जन दिसतो. सुरूच्या झाडांत कोणीतरी जाळं दुरुस्त करत बसलेलं असतं. होडीच्या सावलीत कोणीतरी झोपलेलं असतं. नायिका विरहात उभी राहिली की मागून एक आजी येते आणि ‘‘कोणाकडली गो तू?’’ विचारते. नायिका पुण्याची होती. तिने पत्ता सांगितला, आजीची एक भाची तिकडेच दिलेली निघाली, आणि विरहाचा तो टेक वाया गेला. एक म्हातारे मात्र सकाळपासून उकिडवे बसून सगळं बघत होते. मध्येच त्यांनी मला हळूच विचारलं, ‘‘ह्येच्यात पैसे गावतत?’’ नाही म्हटल्यावर त्यांचा चेहरा उजळला. ‘‘मग आमच्यासारख्याच,’’ ते म्हणाले.

एक कुत्राही होता. नायिका बसली की तो तिच्याशेजारी येऊन बसे आणि समुद्राकडे बघे. त्याच्या बघण्यात काही ओढूनताणून नव्हतं. समुद्राकडे बघायला त्याच्याकडे खरंच वेळ होता. भाच्याने तो प्रत्येक शॉटमधून कापला. माझ्या मते लघुपटातला एकमेव अभिनेता गेला.

मुख्य प्रसंग खुर्चीचा. ती नसून कसं चालेल! ज्या घरी आम्ही उतरलो होतो त्यांच्या पडवीतली आरामखुर्ची मागून आणली होती. भाच्याने ती बाराच्या सुमाराला, समुद्र पार मागे गेलेला असताना, ओल्या वाळूच्या टोकाशी नेऊन ठेवली. संध्याकाळी सूर्य बुडताना रिकाम्या पुळणीवर रिकामी खुर्ची, असा बेत. ते उकिडवे म्हातारे उठून आले आणि त्यांनी विचारलं, आज तिथी कोणती? युनिटमध्ये अकरा मोबाइल होते. तिथी कोणालाच ठाऊक नव्हती. म्हाताऱ्यांनीच सांगितलं, नवमी. तिथीची पाऊणपट केली की भरतीची वेळ निघते, हा किनाऱ्यावरचा जुना हिशेब. नवाची पाऊणपट पावणेसात. म्हणजे सूर्य बुडायच्या सुमाराला पुळण रिकामी नसणार, भरलेली असणार. अष्टमी-नवमीची भरती भांगाची, अमावस्या-पौर्णिमेच्या उधाणासारखी वर चढून येणारी नव्हे; पण खुर्ची ठेवली आहे तिथे यायला तिला चढायची गरजच नाही, असंही त्यांनी समजावून सांगितलं. भाचा ‘हो काका’ म्हणाला आणि त्याने पटकथेकडे बघितलं. पटकथेत भरती नव्हती.

सहाच्या सुमाराला खुर्ची घोट्यापर्यंत बुडाली. साडेसहाला ती हलली. मग शांतपणे, एखाद्या निवृत्त हेडमास्तरांनी फिरायला निघावं तशी, ती समुद्रात निघाली. अकरा माणसं ओरडत पळाली, आणि कॅमेरा, त्याला चावी नसल्यामुळे, चालूच राहिला. तो शॉट त्या लघुपटातला सगळ्यात चांगला शॉट आहे. पुढे एका चर्चेत हात वर करणाऱ्या गृहस्थांनी त्यात विस्थापन बघितलं. भाचा म्हणाला, ‘हो, तेही आहे.’ खुर्चीच्या मालकांनी त्यात सागवान बघितलं आणि किंमत वसूल केली.

समुद्राचं ऐकायचं असतं ही गोष्ट ज्यां एपस्टीनला पक्की ठाऊक होती. जन्माने वॉर्साचा हा फ्रेंच दिग्दर्शक ब्रिटनीच्या किनाऱ्याच्या प्रेमात पडला आणि तिथल्या बेटांवरच्या कोळ्यांनाच नट करून चित्रपट काढू लागला. १९४७ सालचा त्याचा ‘ल तांपेस्तेर’ बावीस-तेवीस मिनिटांचा आहे. बेल-ईल बेटावर एका मुलीचा प्रियकर वाऱ्यावादळात मासेमारीला जातो; ती घाबरून आधी दीपगृहावर जाते, मग वादळं शमवणाऱ्या एका म्हाताऱ्याकडे. म्हातारा काचेच्या गोळ्यात समुद्र बघतो, त्यावर फुंकर घालतो, आणि समुद्र गती सोडून मंदावतो, थबकतो, उलटा फिरतो. एपस्टीनने चित्राबरोबर आवाजही मंद करून ताणला. वादळाची एकसंध गर्जना सुटी होत गेली आणि आतले घोगरे, कण्हणारे, खरवडणारे आवाज एकेक करून बाहेर आले. त्याच्याही नायिकेला समुद्राकडे नुसतं बघत बसायला सवड नव्हती. तिला तो थांबवायचा होता. नारळी पौर्णिमेला आपले कोळी दर्याला नारळ देतात तेव्हा त्यांचाही हेतू चिंतनाचा नसतो.

आणि समुद्रासमोर फर्निचर ठेवायचंच असेल, तर ते कसं ठेवावं हेही एकाने दाखवून झालेलं आहे. रोमान पोलान्स्की फिल्म स्कूलचा विद्यार्थी असताना, १९५८ साली, त्याने पोलंडच्या बाल्टिक किनाऱ्यावर, सोपोटला, ‘टू मेन अँड अ वॉर्डरोब’ केला. समुद्रातून दोन माणसं आरशाचं एक मोठं कपाट उचलून बाहेर येतात. का, कुठून, काही नाही. कपाट घेऊन ती गावात जातात. ट्राममध्ये घेत नाहीत, हॉटेलात घेत नाहीत, उपाहारगृहातून हाकलतात, गुंड मारतात. शेवटी दोघं कपाट उचलून पुन्हा समुद्राकडे निघतात. एका पोराने वाळूचे छोटे छोटे मुटके करून सगळी पुळण भरून टाकलेली असते. एकही न मोडता दोघं त्यातून वाट काढतात आणि कपाटासकट पाण्यात शिरतात. हे प्रतीक आहे असं म्हणतात. मुंबईत ज्याने घर बदललं आहे त्याला प्रतीकाची गरज नाही. लिफ्टमधून न्यायचं नाही, जिन्यात घासायचं नाही, गेटात ठेवायचं नाही, रविवारी आणायचं नाही. सोसायटीच्या सेक्रेटरीसमोर उभं राहिल्यावर कपाटासकट समुद्रात जावं असं ज्याला वाटलं नाही, असा भाडेकरू मला दाखवा.

आता ही तिन्ही उदाहरणं बघा. एकीला वजीर पळवायचा आहे, दुसरीला वादळ शमवायचं आहे, तिसऱ्यांना कपाट कुठेतरी टेकवायचं आहे. समुद्र अफाट आहे हे सिद्ध करायला यातलं कोणीच आलेलं नाही. ते आपण सगळ्यांनी सहलीला जाऊन बघितलेलं असतं, भेळ खात.

डेरेनने १९४६ च्या फेब्रुवारीत न्यूयॉर्कच्या ग्रीनिच व्हिलेजमधलं एक छोटं नाट्यगृह स्वतः भाड्याने घेतलं आणि आपले तीन लघुपट ‘सोडून दिलेले तीन चित्रपट’ अशा नावाखाली दाखवले. हॉल भरला. तिथून प्रेरणा घेऊन एमॉस व्होगेलने दुसऱ्या वर्षी ‘सिनेमा सिक्स्टीन’ ही मोठी फिल्म सोसायटी काढली. म्हणजे माझ्या वर्गणीचं पाप दूरवरून या बाईच्या माथी मारता येतं. ती १९६१ साली, अवघ्या चव्वेचाळिसाव्या वर्षी गेली. पुढच्यांनी तिच्याकडून किनारा घेतला, वारा घेतला, केस मोकळे सोडणं घेतलं. घाई घ्यायची राहिली.

तेव्हा किनाऱ्यावर कॅमेरा घेऊन निघालेल्या तरुण मंडळींना एवढीच विनंती, की मोबाइलमध्ये अठ्ठावीस सेकंदांचा गजर लावा आणि तो वाजला की बाईला काहीतरी काम द्या. भरतीची वेळ गावातल्या कुणालाही विचारा. मालकाची खुर्ची नेऊ नका, स्वतःची न्या. कुत्रा आला तर त्याला राहू द्या. आणि वाचकहो, ‘अ‍ॅट लँड’ एकदा बघाच. पंधरा मिनिटांचा आहे, शोधलात तर सापडतो, आणि आवाजच नसल्यामुळे घरात कोणी झोपलं असेल तर झोपमोड होत नाही. वेफर्सचं पाकीट तेवढं आधीच फोडून ठेवा.